गिरणीच्या दारातलं नाटक : अण्णाभाऊ साठे

अण्णाभाऊ साठे म्हटलं की आपल्यापैकी बहुतेकांना 'फकिरा' आठवते. ज्यांनी जरा जास्त वाचलंय त्यांना 'वैजयंता', 'चित्रा' किंवा एखादी कथा. नाटकवाले अण्णाभाऊ मात्र फारसे कुणाला ठाऊक नसतात. मलाही नव्हते. अमेरिकन नाटकाच्या पेपरसाठी वाचताना १९४९ या सालापाशी मी थांबले. त्या वर्षी फेब्रुवारीत न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर आर्थर मिलरचं 'डेथ ऑफ अ सेल्समन' आलं आणि महायुद्धानंतरचं अमेरिकन नाटक कशाबद्दल बोलणार हे त्या एका नाटकाने ठरवून टाकलं. त्याच वर्षी अलाहाबादला इप्टाचं, म्हणजे इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशनचं अधिवेशन झालं आणि अखिल भारतीय अध्यक्ष म्हणून निवड झाली ती मुंबईच्या माटुंगा लेबर कॅम्पातून आलेल्या एका शाहिराची. वय तिशीच्या आतलं. औपचारिक शिक्षण जवळजवळ शून्य. मिलरवर मी तोवर बरंच वाचलं होतं. या शाहिराच्या रंगभूमीबद्दल मला एक ओळही माहीत नव्हती, आणि ते मराठी विद्यार्थिनीला शोभणारं नव्हतंच.

तुकाराम भाऊराव साठे हे त्यांचं मूळ नाव. जन्म १ ऑगस्ट १९२० चा, वाटेगावचा. वाळवा तालुका, आजचा सांगली जिल्हा, तेव्हाचा सातारा. जात मातंग. गावात घर होतं ते वेशीबाहेर, आणि ब्रिटिशांच्या गुन्हेगार जमातींच्या कायद्यामुळे पोलिसांची नजर जन्मापासूनच पाठीवर. शाळेची गोष्ट सगळे सांगतात : दीड दिवस गेले, मास्तरांनी मारलं, परत गेले नाहीत. पुढे भाषणांतून, फलकांतून हा 'दीड दिवस' इतका वापरला गेला की त्याचं कौतुकच होऊन बसलं. मला त्यात कौतुक काही दिसत नाही. एका हुशार मुलाला शाळेने दारातूनच हाकललं, एवढाच त्याचा अर्थ.

अकराएक वर्षांचे असताना ते घरच्यांबरोबर वाटेगावहून मुंबईला आले, पायी. वाटेत मिळेल ते काम करत. मुंबईत हमाली केली, फेरीवाल्यामागे गाठोडं वाहिलं, गिरणीत काम केलं. अक्षरं शिकले ती दुकानांच्या पाट्या आणि सिनेमाची पोस्टरं वाचून. सिनेमाचा त्यांना नाद होता, तो शेवटपर्यंत राहिला. गिरणगावात तेव्हा कम्युनिस्टांचा जोर होता. सभा, मोर्चे, संप यांतून हा मुलगा पक्षाच्या जवळ गेला. मग घरच्या अडचणीपायी काही काळ गावी परतला, तेव्हा चुलतभाऊ बापू साठे यांच्या तमाशाच्या फडात उभा राहिला. वाद्यं वाजवायला शिकला, सोंगं काढायला शिकला, हजार माणसांना रात्रभर जागेवर कसं बसवून ठेवायचं ते शिकला. माझ्या मते अण्णाभाऊंचं खरं नाट्यशिक्षण हेच. इप्टा नंतर आली.

पुन्हा मुंबईत आल्यावर मुक्काम माटुंग्याच्या लेबर कॅम्पात. तिथे डास एवढे की पहिली नाव घेण्यासारखी रचना डासांवरच झाली, 'मच्छराचा पोवाडा'. शिवाजीमहाराज, तानाजी यांच्यासाठी राखलेला पोवाड्याचा ठसका त्यांनी गटाराकाठच्या डासाला दिला! ऐकणारे हसले असणार. पण आपल्या वस्तीत औषध फवारायला कुणी येत नाही हेही त्यांना कळलं असणार. नंतर 'स्टालिनग्राडचा पोवाडा' आला, १९४३ चा. लेबर कॅम्पातला माणूस व्होल्गाकाठच्या लढाईवर पोवाडा रचतो आणि गिरणी कामगार तो ऐकायला गर्दी करतात, हे आज जरा चमत्कारिक वाटतं. पण महायुद्ध मुंबईच्या कामगाराला लांबचं नव्हतंच. रेशनच्या रांगा, महागाई, काळाबाजार, वाढीव पाळ्या हे सगळं त्याच्या घरात आलेलं होतं. १९४३ मध्येच बंगालमध्ये लाखो माणसं भुकेने मेली. त्या दुष्काळाने देशभरातले कलावंत रस्त्यावर आले, इप्टाही त्याच वर्षी मुंबईत स्थापन झाली. बंगालवर अण्णाभाऊंनीही लिहिलं.

१९४४ मध्ये शाहीर अमर शेख, द. ना. गव्हाणकर आणि अण्णाभाऊ या तिघांनी लाल बावटा कलापथक काढलं. बार्शीकडचे अमर शेख म्हणजे आवाज. मैदानाच्या टोकाला लाउडस्पीकरशिवाय पोचेल असा. गव्हाणकर लिहायचे, गायचे, पथक सांभाळायचे. अण्णाभाऊंकडे वग.

इथे जरा थांबून तेव्हाची मराठी रंगभूमी बघायला हवी. १९४३ मध्ये सांगलीला मराठी रंगभूमीची शताब्दी साजरी झाली खरी, पण कंपन्या मोडून पडल्या होत्या. बोलपट आल्यापासून गावोगावची नाट्यगृहं सिनेमागृहं झाली होती. मो. ग. रांगणेकरांनी 'कुलवधू'सारख्या आटोपशीर नाटकांनी मध्यमवर्गीय प्रेक्षक परत आणला. मुंबई मराठी साहित्य संघाने नाट्यमहोत्सव भरवले. १९५४ पासून राज्य नाट्यस्पर्धा सुरू झाली आणि हौशी मंडळींना मोठाच आधार मिळाला. आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत 'युद्धोत्तर मराठी रंगभूमी' या मथळ्याखाली येतं ते साधारण एवढंच. पण त्याच वर्षांत परळच्या कामगार मैदानात, चाळींच्या चौकात, गिरण्यांच्या दारात जे चालू होतं त्याला प्रेक्षक कितीतरी जास्त होते. पडदा नाही, तिकीट नाही, नेपथ्य नाही. ढोलकी, डफ, तुणतुणं आणि माणसं. ही रंगभूमी परिशिष्टात का जाते, हे मला अजून नीट पटलेलं नाही.

अण्णाभाऊंनी तमाशाचं काय केलं ते तपशिलात बघण्यासारखं आहे. परंपरेने तमाशा गणाने सुरू होतो, म्हणजे गणपतीचं स्तवन. मग गौळण : कृष्ण, पेंद्या, मथुरेच्या बाजाराला निघालेल्या गवळणी, त्यांची अडवणूक आणि चेष्टा. मग बतावणी, आणि शेवटी वग, ज्यात बहुधा राजा, प्रधान, राणी आणि मधे लुडबुडणारा सोंगाड्या. अण्णाभाऊंनी गण ठेवला, पण त्यातलं वंदन मातृभूमीला, हुतात्म्यांना आणि कष्टकऱ्यांना केलं. गौळण काढून टाकली. वगातला राजा गेला, त्याच्या जागी सावकार, शेटजी, जमीनदार, पुढारी आले. सोंगाड्या तेवढा कायम राहिला, कारण त्याच्याशिवाय वग म्हणजे नुसतं भाषण. तमाशातला सोंगाड्या राजासमोर वाटेल ते बोलतो आणि राजाला ते सोसावं लागतं; ही सवलत शेकडो वर्षांची. अण्णाभाऊंनी ती उचलून शेटजीसमोर लावली, बस. आमची आजी मूळची गोव्याची; तियात्रातली कांतारां अशीच पडद्यासमोर येऊन मंत्र्याची खिल्ली उडवून जातात असं ती सांगायची. वगाबद्दल वाचताना मला त्याचीच आठवण होत होती.

'अकलेची गोष्ट', 'शेटजींचे इलेक्शन', 'बेकायदेशीर', 'लोकमंत्र्यांचा दौरा' ही नावंच विषय सांगतात. पु. ल. देशपांड्यांनी राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकासाठी 'पुढारी पाहिजे' लिहिलं, आणि अण्णाभाऊंचा वग आहे 'पुढारी मिळाला'. नावांतच जुगलबंदी आहे. समाजवादी आणि कम्युनिस्ट एकमेकांशी वगातून भांडत होते आणि दोघांना प्रेक्षक होता. किती श्रीमंत काळ असेल तो, असं वाटून जातं. १९४६ मध्ये अमळनेरला गिरणी कामगारांवर गोळीबार झाला, त्यावर अण्णाभाऊंचा पोवाडा आला. फाळणीच्या दंगलींवर 'पंजाब-दिल्लीचा दंगा' आला. वर्तमानपत्र न वाचता येणाऱ्यांसाठी हेच वर्तमानपत्र होतं.

आणि 'माझी मुंबई'. याचं दुसरं नाव 'मुंबई कुणाची?' सवाल साधाच : ही मुंबई ज्याने पैसा लावला त्याची, की ज्याने घाम गाळला त्याची? मंचावर दोन बाजू एकमेकांना भिडतात आणि उत्तर काय येणार हे प्रेक्षकाला आधीपासून माहीत असतं. मान्य आहे, हे वग एका पक्षासाठी लिहिलेले होते. शेटजी हा शेटजीच असतो, त्याला रात्री झोप लागत नाही असं कधी दिसत नाही. मिलरचा विली लोमन आपल्याला छळतो तो यासाठी की तो बळीही आहे आणि त्याच खोट्या स्वप्नाचा भक्तही. एवढी गुंतागुंत वगात शोधायला जाऊ नये. पण दोघांच्या प्रेक्षकांमधला फरकही विसरू नये. ब्रॉडवेवर तिकीट काढून बसलेला माणूस स्वतःच्या आयुष्याबद्दल शंका घेऊन घरी जात होता. परळच्या मैदानात बसलेल्या माणसाला त्याचं आयुष्य मंचावर ठेवण्याच्या लायकीचं आहे, हेच मुळात पहिल्यांदा कुणी सांगत होतं.

सरकारला हे अर्थातच आवडलं नाही. स्वातंत्र्यानंतर लवकरच मुंबई सरकारने अश्लीलतेचं कारण देऊन तमाशावर बंदी आणली. पुढे ती उठली, पण संहिता आधी तपासून घेण्याची अट चिकटली. लाल बावटा कलापथकाच्या कार्यक्रमांवरही बंदी आली. त्या वर्षांत पक्षाची माणसं तुरुंगात तरी होती नाहीतर भूमिगत. तमाशा या शब्दालाच धोका आहे म्हटल्यावर अण्णाभाऊंनी आपल्या वगांना 'लोकनाट्य' म्हणायला सुरुवात केली, आणि तोच शब्द पुढे सगळ्यांनी उचलला. आज विद्यापीठात लोकनाट्यावर प्रबंध होतात, पण तो शब्द रुजण्यामागे पोलिसांची बंदी होती हे क्वचितच कुणी सांगतं. नाटकांवर बंदी घालायला सरकारच्या हाताशी इंग्रजांचा १८७६ चा नाट्यप्रयोग कायदाही होताच. राज्य गेलं, कायदा राहिला. लखनौच्या इप्टावाल्यांनी प्रेमचंदांच्या 'ईदगाह'वरचं नाटक केलं म्हणून याच कायद्याखाली खटला झाला, तेव्हा १९५६ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने हा कायदा घटनेशी विसंगत ठरवला. कायद्याच्या पुस्तकातून तो निघाला २०१८ मध्ये!

अमेरिकेतही वेगळं नव्हतं. तिथे मंदीच्या काळात, १९३५ मध्ये, बेकार नटांना काम मिळावं म्हणून सरकारनेच फेडरल थिएटर प्रोजेक्ट काढला होता, आणि १९३९ मध्ये काँग्रेसने, म्हणजे तिथल्या संसदेने, तो डाव्या विचारांचा म्हणून बंद पाडला. चौकशीत एका सदस्याने ख्रिस्तोफर मार्लो कम्युनिस्ट आहे का, असं विचारल्याचं प्रसिद्धच आहे. मार्लो वारला १५९३ मध्ये. युद्धानंतर पॉल रोबसन या काळ्या गायक-नटाचा पासपोर्ट काढून घेतला गेला, १९५० ते १९५८. मिलरने १९५३ मध्ये सेलमच्या चेटकीण-खटल्यांवर 'द क्रुसिबल' लिहिलं तेव्हा तो कशाबद्दल बोलतोय हे सगळ्यांना कळत होतं. तीन वर्षांनी त्यालाच समितीपुढे उभं राहावं लागलं. म्हणजे एका देशात नाटक डावं म्हणून संशयित आणि दुसऱ्यातही. फरक एवढाच, की मिलरच्या मागे वृत्तपत्रं, वकील आणि ब्रॉडवे होतं. अण्णाभाऊंच्या मागे लेबर कॅम्प.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात हीच ढोलकी पुन्हा मैदानात आली. त्या काळातली त्यांची 'माझी मैना' ही छक्कड आजही सगळ्यांना ठाऊक आहे. पोटासाठी मुंबईला आलेला गडी, गावाकडे राहिलेली बायको, आणि तिच्या विरहातून हळूच उघड होणारा महाराष्ट्राचा नकाशा : बेळगाव, कारवार, डांग, जे हाती आले नाहीत ते सगळे. प्रेमगीत म्हणून सुरू होतं आणि राजकारण म्हणून संपतं, मधला सांधा कुठे आहे ते कळतही नाही. इंदूरच्या मराठी माणसाला ही छक्कड ऐकताना जरा वेगळंच वाटतं. आपण त्या नकाशात नव्हतोच. आपल्याला कुणी मागितलं नाही, आणि आपणही कुणाकडे जायचं म्हटलं नाही. होळकरांच्या राजवाड्याभोवती रुजलो आणि इथलेच झालो. पण कामासाठी गाव सोडण्याचं दुःख मराठीपुरतं थोडंच आहे? सांवेर रोडच्या कारखान्यांची पाळी सुटते तेव्हा रस्त्यावर जी गर्दी लोटते तिच्यात झाबुआ, निमाड, बिहार, उत्तर प्रदेश सगळं असतं. प्रत्येकाची मैना कुठेतरी गावाकडे आहे.

या गर्दीसाठी आज नाटक नाही. इंदुरात पथनाट्यं होतात, चौकाचौकांत होतात, पण बहुतेक ओला कचरा कुठल्या डब्यात आणि सुका कुठल्या, हे सांगणारी. शहर स्वच्छ झालं, वाईट काहीच नाही. पण याच शहरात अनंत चतुर्दशीला गिरणी कामगारांच्या झांक्या निघत आल्यात, आणि हुकुमचंद मिल १९९१ मध्ये बंद पडल्यावरही, थकलेली देणी अडकलेली असताना, कामगार वर्गणी काढून झांकी काढत राहिले. ती देणी मिळायला २०२३ चा डिसेंबर उजाडला. ४,८०० कामगारांचे सुमारे २२४ कोटी रुपये. बत्तीस वर्षं! यावर वग कुणी लिहिला असता, ते आपल्याला माहीत आहे.

कादंबऱ्यांकडे अण्णाभाऊ का वळले याचं सरळ उत्तर पोट हेच असावं. तीसहून जास्त कादंबऱ्या, शिवाय कथासंग्रह. काही घाईत लिहिलेल्या, ते वाचताना कळतं. पण 'फकिरा' ही त्यांच्या समाजातल्या बंडखोराची कादंबरी १९५९ ची, वि. स. खांडेकरांची प्रस्तावना, बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण, १९६१ मध्ये राज्य सरकारचा पुरस्कार. त्याआधी २ मार्च १९५८ ला मुंबईत पहिलं दलित साहित्य संमेलन भरलं, त्याचं उद्घाटन त्यांनी केलं आणि पृथ्वी शेषाच्या मस्तकावर आहे ही पुराणातली समजूत बाजूला सारून तो मान दलित-श्रमिकांच्या तळहाताला दिला. हे वाक्य कुणी फडातल्या माणसानेच सुचवावं. एका फटक्यात पुराण उलटं. 'वैजयंता' या कादंबरीत तर ते तमाशाकडेच परत गेले, तमाशात नाचणाऱ्या बाईच्या बाजूने. मंचावरून काढून टाकलेली नाची त्यांच्या मनातून गेली नव्हती, असं मला वाटतं. वगात बाईला त्यांनी जेवढी जागा दिली त्याच्या कितीतरी पट कादंबऱ्यांत दिली.

१९६१ मध्ये ते रशियाला जाऊन आले. त्यांचं लेखन तिथे अनुवादातून आधीच पोचलं होतं. त्या प्रवासावरचं 'माझा रशियाचा प्रवास' हे पुस्तक छोटं आणि निरागस आहे, त्यातली भाबडी जागा सोडून द्यायला हरकत नाही. परतल्यावर घर तेच, घाटकोपरच्या चिरागनगरातली झोपडी. पुस्तकांवर सिनेमे निघत होते, प्रकाशक छापत होते, आणि लेखकाला भाडं, औषध, उधारी यांचा हिशेब जमत नव्हता. दारू वाढली. संसार विस्कटला. १९६४ मध्ये पक्षही फुटला. मध्यमवर्गाने दरम्यान त्यांचा साचा आपलासा केला होता : १९६५ मध्ये वसंत सबनिसांचं 'विच्छा माझी पुरी करा' आलं आणि तमाशाचा बाज तिकीटबारीवर तुफान चालला. नाटक धमालच आहे, वाद नाही. पण त्यातल्या राजाला हसून आपण घरी जातो. शेटजीला हसून घरी जाता येत नव्हतं, कारण सकाळी त्याच्याच गिरणीत हजेरी लावायची असे.

अखेरच्या दिवसांत गोरेगावच्या सिद्धार्थनगरात सरकारकडून एक घर मिळालं. तिथे ते फार दिवस राहिले नाहीत. १८ जुलै १९६९ ला गेले, पन्नाशी गाठायच्या आत. ऑगस्टच्या २९ तारखेला, म्हणजे बरोबर बेचाळीस दिवसांनी, अमर शेखही गेले, रस्त्यावरच्या अपघातात.